बेनामी जिन

२९ सप्टेंबर १७३६ रोजी लंडनमधल्या जिनच्या कित्येक दुकानांवर काळं कापड चढलं होतं. काही गल्ल्यांत लोकांनी ‘मॅडम जिनिव्हा’ची, म्हणजे जिनचीच, अंत्ययात्रा काढली आणि तिच्या नावानं गळे काढत उरलासुरला माल संपवला. त्या दिवसापासून नवा कायदा लागू होत होता. जिन किरकोळीनं विकायची तर वर्षाला ५० पौंडांचा परवाना काढायचा आणि गॅलनमागे २० शिलिंग कर भरायचा. मोलमजुरी करणाऱ्याची वर्षाची कमाई याच्या आसपासही नसे. हातगाडीवर जिन विकणाऱ्या बाईनं ५० पौंड आणायचे कुठून? हा कायदा पार्लमेंटात रेटून नेणारे न्यायाधीश सर जोसेफ जेकिल यांच्या घरावर सैनिकांचा पहारा बसवावा लागला. सरकारला दंग्याची धास्ती होती.

मोठा दंगा झाला नाही. झालं ते असं, की जिनचा धंदा दुकानातून उठला आणि अंधारात गेला. पुढच्या सात वर्षांत ५० पौंडांचे परवाने घेणारे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेही निघाले नाहीत, आणि जिनचा खप मात्र वाढत राहिला. एवढा कडक कायदा इतका सपशेल का पडला, आणि पुढे पंधरा वर्षांनी आलेला त्याहून बराच सौम्य कायदा का टिकला, हे समजून घेतलं तर आज ज्याला आपण ‘क्राफ्ट जिन’ म्हणतो तिचं मोलही नीट कळतं.

जिन मूळची इंग्लंडची नव्हे. धान्याच्या दारूत जुनिपरची फळं घालून ती पुन्हा गाळायची, ही रीत हॉलंड आणि फ्लँडर्सची. तिथल्या जेनेव्हरला इंग्रज ‘जिनिव्हा’ म्हणू लागले आणि पुढे तिची ‘जिन’ झाली. १६८९ मध्ये डच राजपुत्र विल्यम ऑफ ऑरेंज इंग्लंडच्या गादीवर आला, फ्रान्सशी युद्ध पेटलं आणि फ्रेंच ब्रँडीची आयात बंद झाली. श्रीमंतांच्या पेल्यात पोकळी पडली आणि खजिन्यालाही पैसा हवा होता. १६९० मध्ये पार्लमेंटानं धान्यापासून दारू गाळायला उत्तेजन देणारा कायदा केला. तोवर लंडनमध्ये गाळणीचा हक्क १६३८ च्या सनदेनुसार डिस्टिलरांच्या संघाकडे होता. तो मक्ता मोडला. कर भरला की कुणीही भट्टी लावावी, अशी मोकळीक मिळाली.

या मोकळिकीमागे जमीनदारांचं हित होतं. अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात इंग्लंडमध्ये पिकं चांगली आली आणि धान्याचे भाव पडून राहिले. बिअरला न चालणारं हलकं धान्यही भट्टीत चालून जाई. पार्लमेंटात बसलेल्या जमीनदारांच्या शेतातला माल त्यामुळे हमखास खपायचा. डॅनियल डिफोसारख्या लेखकानं १७२६ मध्ये डिस्टिलरांची बाजू मांडणारी पुस्तिका लिहिली, त्यात हाच मुद्दा होता: भट्ट्या बंद पडल्या तर शेतकरी बुडेल. दोनच वर्षांनी, १७२८ मध्ये, त्याच डिफोनं जिनविरुद्ध लेखणी उचलली. दरम्यान लंडनच्या रस्त्यांवर जे दिसत होतं, ते कुणाच्याही नजरेतून सुटण्यासारखं नव्हतं.

ही जिन बनायची कशी, तेही पाहायला हवं. धंदा दोन टप्प्यांत चाले. मोठे माल्ट-डिस्टिलर धान्य आंबवून कच्ची दारू गाळत. ती ते असंख्य छोट्या गाळणाऱ्यांना विकत, आणि हे छोटे गाळणारे तिला चव देऊन बाजारात आणत. कच्च्या दारूला उग्र, कुबट वास असे. तो मारायला खरं तर ती काळजीपूर्वक पुन्हा गाळायला हवी आणि चांगलं जुनिपर वापरायला हवं. पण जुनिपरला पैसे पडतात. मग जुनिपरच्या वासाशी जवळीक असलेलं टर्पेंटाइन घातलं जाई, तिखटपणासाठी गंधकाचा तेजाब, आणि सगळ्यावर पांघरूण म्हणून साखर. प्यालेल्याला ही दारू कुणी गाळली आणि तिच्यात काय घातलं, याचा पत्ताच नसे.

आणि ती विकत घ्यायला दुकानात जावंच लागे असंही नाही. १७२६ मध्ये मिडलसेक्सच्या मॅजिस्ट्रेटांनी आपल्या हद्दीत गणती केली, तेव्हा तीव्र दारू विकणाऱ्या ६,१८७ जागा सापडल्या. त्यात खुद्द ‘सिटी’ आणि साउथवर्क धरलेलं नव्हतं. किराणा विकणारे, भाजीवाल्या, विणकर, चांभार, सगळ्यांकडे जिन मिळे. काही मालक मजुरांना ती उधारीवर देत आणि आठवड्याच्या पगारातून पैसे कापून घेत. खेड्यांतून कामासाठी आलेल्या, शहरात ना घर ना नातं असलेल्या बायकांची यात मोठी संख्या होती. विकणाऱ्यांत त्या होत्या आणि पिणाऱ्यांतही.

त्यांतलीच एक ज्युडिथ डिफोर. ती रेशमाच्या धाग्याला पीळ घालण्याच्या कामावर होती. तिची दोन वर्षांची मुलगी मेरी बेथनल ग्रीनच्या अनाथ-गरिबांच्या वर्कहाउसमध्ये वाढत होती. १७३४ च्या जानेवारीत वर्कहाउसनं त्या मुलीला नवे कपडे दिले. त्याच सुमारास एका रविवारी ज्युडिथ मुलीला काही तासांसाठी घेऊन गेली. एका सोबतिणीबरोबर तिनं मुलीचे कपडे उतरवले आणि गळा आवळून मुलीला खंदकात सोडलं. कपडे विकून १ शिलिंग ४ पेन्स आले. पैसे वाटून घेऊन दोघींनी मिळून पाव पाइंट जिन घेतली. खटला चालला आणि मार्चमध्ये ज्युडिथला टायबर्नला फाशी झाली. कोर्टातल्या नोंदीत एकेका कपड्याचा भाव लिहिलेला आहे. लंडन हादरलं. जिनवर बंदी घाला म्हणणाऱ्या धर्मगुरूंच्या आणि न्यायाधीशांच्या हातात याहून भीषण पुरावा दुसरा नव्हता.

सरकारनं एकदा प्रयत्न करून पाहिला होता. १७२९ च्या कायद्यानं किरकोळ विक्रीला २० पौंडांचा परवाना लावला आणि चव घातलेल्या दारूवर जादा कर बसवला. गाळणाऱ्यांनी जुनिपरच वगळलं आणि बिनचवीची कच्ची दारू विकायला काढली. लोक तिला ‘पार्लमेंटरी ब्रँडी’ म्हणू लागले. कायद्यानं जिनमधली एकच चांगली गोष्ट काढून टाकली होती, ती म्हणजे जुनिपर. १७३३ मध्ये तो रद्द झाला. त्यानंतरचा घाव म्हणजे १७३६ चा, ५० पौंडांचा कायदा.

त्या कायद्याला पहिली भेग कुणी पाडली ते आपल्याला ठाऊक आहे, कारण त्यानं स्वतःच ते लिहून ठेवलं. डडली ब्रॅडस्ट्रीट हा आयर्लंडहून आलेला, नाना उद्योग करून बसलेला माणूस. त्यानं कायद्याची प्रत आणून ती बारकाईनं वाचली. त्याला एक फट सापडली: खबऱ्याला तक्रार करायची तर ज्या घरात जिन विकली जाते ते भाड्यानं घेणाऱ्याचं नाव त्याला ठाऊक असायला हवं. ब्रॅडस्ट्रीटनं एका ओळखीच्या माणसाकरवी ब्लू अँकर अ‍ॅली या गल्लीत घर भाड्यानं घेतलं. मांजराच्या आकाराची एक पाटी विकत आणली आणि रस्त्याकडच्या खिडकीवर ठोकली. मांजराच्या पंजाखालून शिशाची नळी काढली, तिच्या आतल्या टोकाला नरसाळं बसवलं. शिल्लक १३ पौंडांची जिन भरली आणि दार आतून लावून घेतलं.

गिऱ्हाईक यायचं, मांजराच्या तोंडात पैसे टाकायचं आणि किती हवी ते हलक्या आवाजात सांगायचं. आतून नरसाळ्यात तेवढं माप ओतलं जायचं आणि पंजाखाली धरलेल्या भांड्यात, नाहीतर थेट तोंडात, धार पडायची. विकणाऱ्याचं तोंड गिऱ्हाइकाला दिसत नसे, नाव कुणाला ठाऊक नसे. पहिल्या महिन्यात आपल्याला २२ पौंडांवर मिळाले, असं ब्रॅडस्ट्रीटनं १७५५ मध्ये छापलेल्या आत्मवृत्तात सांगितलं आहे. गल्लीत इतकी गर्दी व्हायला लागली की शेजारी वैतागले. थोड्याच दिवसांत लंडनभर अशी मांजरं लागली.

या मांजराची गोष्ट गंमत म्हणून पुष्कळदा सांगितली जाते. मला ती त्या काळातली सगळ्यात गंभीर गोष्ट वाटते. जिनमध्ये तेजाब आहे की जुनिपर, हे विचारायचं तर समोर कुणीतरी हवं. १७३६ च्या कायद्यानं तो ‘समोरचा’च नाहीसा केला. उघड दुकान टाकणाऱ्यालाच दंडाची भीती, आणि भिंतीआड बसलेल्याला कसलीच नाही. सरकारनं मग खबऱ्यांवर भिस्त ठेवली. गुन्हा शाबीत करून देणाऱ्याला ५ पौंडांचं बक्षीस होतं. खबरे बहुतेक गरिबांवरच टपत, कारण दंड भरायला पैसे नसलेली फेरीवाली सापडायला सोपी. लोक खबऱ्यांना पकडून मारू लागले, नदीत बुडवू लागले, काहींचे जीव गेले. १७३८ मध्ये खबऱ्यांवरचे हल्ले हा गंभीर गुन्हा ठरवणारा वेगळा कायदा करावा लागला. आणि खप? इंग्लंडमधली दारूची गाळणी १७४३ मध्ये ८० लाख गॅलनांच्या वर गेली. त्या वेळी देशाची लोकसंख्या साधारण ६० लाख होती, आणि त्यात दुधपित्या पोरांपासून सगळे आले.

१७४३ मध्ये सरकारनं माघार घेतली. ऑस्ट्रियाच्या वारसायुद्धासाठी पैसा हवा होता. परवान्याची फी एका पौंडावर आणली आणि कर गाळणाऱ्याकडून, म्हणजे मुळाशीच वसूल करायचं ठरलं. सरदारांच्या सभागृहात बिशपांनी कडाडून विरोध केला. सरकार जनतेच्या व्यसनावर खजिना भरतं आहे, असा त्यांचा आरोप होता. आरोप खोटा नव्हता. पण या कायद्यानं एक गोष्ट केली: हजारो विक्रेते परवाना घेऊन पुन्हा उघड्यावर आले.

मग १७५१ आलं. लढाई संपून सैनिक परतले होते आणि शहरात लूटमार वाढली होती. कादंबरीकार आणि मॅजिस्ट्रेट हेन्री फील्डिंगनं दरोडेखोरीच्या कारणांचा शोध घेणारी पुस्तिका काढली आणि जिनवर बोट ठेवलं. फेब्रुवारीत त्याचा मित्र, चित्रकार विल्यम होगार्थ यानं ‘बिअर स्ट्रीट’ आणि ‘जिन लेन’ ही जोडचित्रं छापली. सर्वसामान्यांपर्यंत पोचावीत म्हणून त्यानं किंमत एक शिलिंग ठेवली होती. ‘जिन लेन’मधली पायऱ्यांवर बसलेली बाई तपकिरीची चिमूट घेते आहे, आणि तिच्या हातून निसटलेलं मूल कठड्यावरून खाली पडतं आहे. तिला त्याचं भान नाही. चित्रात तिघांचंच बरं चाललं आहे: गहाणवट घेणाऱ्याचं, दारू गाळणाऱ्याचं आणि शवपेट्या करणाऱ्याचं. मागे दिसतो तो ब्लूम्सबरीच्या सेंट जॉर्ज चर्चचा कळस. बघणाऱ्याला लगेच कळे की हा सेंट जाइल्सचा परिसर आहे, आपल्याच शहरातला.

त्या वर्षीच्या कायद्यात बंदी नव्हती. त्यानं विक्री कुठे आणि कुणी करायची ते ठरवलं. परवाना मिळणार तो खाणावळ, सराई, दारूगुत्ता चालवणाऱ्याला, आणि लंडनमध्ये तरी वर्षाला निदान १० पौंड भाड्याची जागा असलेल्यालाच. गाळणाऱ्यानं किरकोळ विकायची नाही. तुरुंगात आणि वर्कहाउसमध्ये विकायची नाही. २० शिलिंगांच्या आतली उधारी दिली तर ती कोर्टात वसूल करता येणार नाही. म्हणजे विकणाऱ्याला पत्ता असला पाहिजे, जागा गेली तर नुकसान होईल असं काहीतरी त्याच्यापाशी असलं पाहिजे, आणि मजुराचा पगार आधीच गिळण्याची वाट बंद झाली पाहिजे. खप उतरणीला लागला. १७५७ मध्ये पीक बुडालं, तेव्हा धान्यापासून दारू गाळायलाच बंदी आली आणि ती १७६० पर्यंत राहिली; त्या दशकाच्या शेवटी गाळणी २० लाख गॅलनांच्या आसपास आली होती. सगळं श्रेय कायद्याला देता येणार नाही. धान्य महागलं, हातात खुळखुळणारे पैसे कमी झाले. पण धंदा पुन्हा भिंतीआड गेला नाही, हे श्रेय त्या कायद्याचंच.

नाव लागलं तशी जिनही सुधारली. अलेक्झांडर गॉर्डननं १७६९ मध्ये लंडनमध्ये गाळणी सुरू केली, प्लिमथची डिस्टिलरी १७९३ पासून चालू आहे, १८३० मध्ये चार्ल्स टँकरेनं ब्लूम्सबरीत भट्टी लावली. त्याच सुमारास आयर्लंडच्या अबकारी खात्यातून निवृत्त झालेल्या इनिअस कॉफीनं अखंड चालणाऱ्या स्तंभ-भट्टीचं पेटंट घेतलं. तिच्यातून निघणारी दारू इतकी स्वच्छ असे की दोष झाकायला साखर घालायचं कारणच उरलं नाही. साखर गेली आणि कोरडी ‘लंडन ड्राय’ जिन आली. क्विनाइन घातलेल्या सोड्याचं पेटंट १८५८ चं. दहा वर्षांनी, १८६८ मध्ये, हिंदुस्थानातल्या इंग्रजांच्या एका शर्यती-शिकारीच्या मासिकात जिन आणि टॉनिक एकत्र नोंदलेलं सापडतं.

इंग्रजी राज्यानं अबकारीचा हा धडा आपल्याकडे मात्र उलटा गिरवला. १८७८ चा मुंबई अबकारी कायदा आला आणि मोहाची दारू गाळणाऱ्या गावोगावच्या भट्ट्या मोडून गाळप मोठ्या मक्तेदारांच्या मध्यवर्ती डिस्टिलऱ्यांकडे गेलं. १८९२ च्या कायद्यानं ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांत मोहाची फुलं बाळगण्यावर आणि विकण्यावरही निर्बंध आले. लंडनमध्ये कायद्यानं बेनामी विक्रेत्याला नाव-पत्ता घ्यायला लावला. इथे ज्या गाळणाऱ्याला अख्खं गाव नावानं ओळखत होतं, त्याला कायद्यानं रानात पळवून लावलं. हातभट्टीच्या दारूत कोण काय घालतं हे पिणाऱ्याला कळेनासं झालं, ते असल्या धोरणामुळे. गोवा पोर्तुगिजांकडे होता. तिथे काजूची फेणी गाळणाऱ्या भाट्या घरोघर टिकल्या आणि २००९ मध्ये फेणीला भौगोलिक मानांकन मिळालं.

त्याच २००९ मध्ये लंडनमध्ये छोट्या भट्टीचं पुनरागमन झालं. सॅम गॅल्सवर्दी आणि फेअरफॅक्स हॉल या दोन मित्रांनी, जॅरेड ब्राउन या पेयांच्या अभ्यासकाला बरोबर घेऊन, हॅमरस्मिथमध्ये ‘सिपस्मिथ’ सुरू केली. त्यांची तांब्याची भट्टी जेमतेम ३०० लिटरची होती, आणि १,८०० लिटरपेक्षा लहान भट्टीला परवाना द्यायचा नाही, असं ब्रिटिश महसूल खात्याचं धोरण होतं. दीर्घ पाठपुराव्यानंतर त्यांना परवाना मिळाला आणि त्या वाटेनं ब्रिटनभर शेकडो लहान गाळणारे पुढे आले. आपल्याकडे २०१७ मध्ये गोव्यात ‘ग्रेटर दॅन’ आली, मागोमाग हिमालयातलं जुनिपर वापरणारी ‘हापुसा’ आणि ‘स्ट्रेंजर अँड सन्स’. धने, जायपत्री, मिरी, लिंबाची साल ही आपल्या स्वयंपाकघरातली मंडळी युरोपच्या जिनमध्ये केव्हाच पोचली होती. आता ती इथल्याच भट्टीत पडू लागली.

छोट्या भट्टीचा फायदा चाखून कळतो. ९६ टक्क्यांची स्वच्छ दारू पाण्यानं पातळ करून तिच्यात जुनिपर, धने, अँजेलिकाचं मूळ, आयरिसचं मूळ, लिंबा-संत्र्याची साल भिजत घालतात. मग मंद आच. पहिली धार झणझणीत, नाकाला झोंबणारी येते. ती बाजूला काढायची. मग सालींचा आणि जुनिपरचा वास येऊ लागतो, तिथपासून मधली धार धरायची. मुळांचा, ओल्या मातीचा वास जड होऊ लागला की थांबायचं, कारण शेवटची धार सगळं कडवट करते. यंत्राचे आकडे मदतीला असतात, पण कधी तोडायचं ते गाळणारा नाकानं ठरवतो. मधल्या धारेत पाणी घालून ती भारतात ४२.८ टक्क्यांवर आणतात. तेलं जास्त उतरली असतील तर पाणी पडताच जिन दुधाळ होते, आणि गाळणाऱ्याची घाई उघडी पडते.

अशी जिन आधी अगदी थोडी, दोन-चार थेंब पाणी घालून हुंगावी. पहिल्यांदा जुनिपरचा देवदारासारखा वास, मागून धन्यांचा लिंबूसर सुगंध, आणि घोट उतरल्यावर जिभेवर मुळांचा कोरडेपणा. मग हवं तर टॉनिक, तेही जुनिपर बुडणार नाही इतकंच. एक पेला पुरे होतो, कारण त्याच्यात बघण्यासारखं पुष्कळ असतं.

‘क्राफ्ट’ या शब्दावर मात्र विसंबू नये. तो कुणीही छापू शकतो. दुसऱ्याच्या कारखान्यात तयार झालेली जिन देखण्या बाटलीत भरूनही तो छापता येतो. लेबलवर कुठे गाळली, कुणी गाळली, कोणत्या घाण्यातली आहे, हे सांगितलं आहे का ते पाहावं, आणि नसेल तर विचारावं. लंडनच्या गरिबांनी साठ वर्षं जी किंमत मोजली, ती हा प्रश्न विचारायची सोय नसल्यामुळे. ती सोय आज आपल्याला आहे. पेल्यातल्या दारूमागे नाव-पत्त्यानिशी उभा राहणारा माणूस असावा, एवढा आग्रह पिणाऱ्यांनी धरला, तर चांगली जिन गाळणाऱ्यांना दुसऱ्या कुठल्या आश्रयाची गरज पडणार नाही.